चाकावरचं सूत

भुंगा फटीतून परत आला आणि दुसऱ्याच दिवसापासून हाक न मारता उठू लागला. थोरलीच्या मनात पाल चुकचुकली ती तिथेच.

आईला मात्र कोण कौतुक! "मरणाच्या दारातून आलं माझं पोर, पण शहाणं होऊन आलं," असं ती आल्यागेल्याला सांगत सुटली. आता ज्याला उठवता उठवता घरातल्या दोन बायकांचे घसे बसले, तो माणूस एका दुपारी जगाच्या भोकात पडतो काय, आणि सूर्य उगवायच्या आत अंथरुणाची घडी करतो काय! थोरलीला विचाराल तर माणूस घाबरतो, आजारी पडतो, वाळतो, पण सुधारत नाही. निदान त्यांच्या घराण्यातला तरी नाही.

त्या गावात फटी पडायच्या. भिंतीला पडतात तशाच, फक्त भिंतीला नाही, जागेलाच. कपाट उघडावं तर आत कुणाचा तरी अनोळखी जिना. अंगणात पाऊल टाकावं तर ते टेकायलाच तयार नाही. फट लहान असताना बुजवली तर ठीक, नाही तर ती पसरायची आणि आजूबाजूचं गिळायची. पिंपवाल्यांची गल्ली अशीच गेली. आज कुंभारांच्या गल्लीतून निघालं की पुढचं पाऊल थेट लोहारांच्या गल्लीत पडतं, मध्ये कधी काही होतं असं वाटतसुद्धा नाही. पिंपवाल्यांच्या लेकी दुसऱ्या गल्ल्यांत दिलेल्या होत्या, त्या अजून त्या वळणाशी येऊन उभ्या राहतात.

आता अशा गावात दोरखान्यासारखा धंदा करणं म्हणजे आपणहून आगीत हात घालणं. कारण दोर वळणारा माणूस आयुष्यभर उलटा चालतो. कमरेला वाखाचा, म्हणजे घायपाताच्या तंतूंचा, भारा गुंडाळायचा, त्यातलं टोक चाकाच्या आकड्यात अडकवायचं, आणि चाकाकडे तोंड ठेवून मागे मागे जायचं. एकानं चाक फिरवत राहायचं, दुसऱ्यानं बोटांतून वाख सोडत राहायचा, की दोघांच्या मध्ये सूत वाढत जातं. थोरलीच्या घरचा दोरखाना लांबोडका, कौलारू. चाकावर ती आणि सुतावर तिचा धाकटा भाऊ, बाप गेल्यापासून हीच जोडी. मागून कुणी येत असेल तर त्याला कळावं म्हणून भाऊ सतत गुणगुणायचा, म्हणून तो भुंगा. गाणं मात्र एकही धड येत नव्हतं.

दोरखान्यात दोनच गोष्टी पाळायच्या. चाकावर कुणाचं सूत असेपर्यंत चाक थांबवायचं नाही, कारण पीळ सुटतो. आणि चाक थांबलंच तर त्याचा अर्थ एकच: माघारी या, जेवायची वेळ झाली. पार दुसऱ्या टोकाला हाक पोचत नाही, पण सूत बोटांत मेलं की माणसाला बरोबर कळतं.

त्या दिवशी फट उघडली ती दोरखान्याच्या मधोमध, दाराएवढी, उभी. भुंगा तिच्याकडे पाठ करून मागे येत होता. थोरली जिवाच्या आकांतानं ओरडली. पण ती त्याच्यावर रोजच ओरडायची. त्यानं हसून मान डोलावली, एक पाऊल मागे टाकलं आणि गुणगुणणं मध्येच कापल्यासारखं बंद झालं. सूत तेवढं राहिलं. चाकापासून फटीपर्यंत ताठ, आणि पुढे काही नाही.

दोरखान्यातल्या कामकऱ्यांची पाचावर धारण बसली. तरी चाक कुणी थांबवलं नाही. थोरलीचा हात तर दांड्यावरून निघेचना. भाऊ गेला हे तिला कळत होतं, पण भावाचं सूत चाकावर होतं.

दुपार कलता कलता भुंगा बाहेर आला. कमरेला भारा नाही, चेहऱ्यावर रक्त नाही. आत एक खुंटी होती, म्हणाला. सुताचं टोक तिला बांधलं, भारा टाकला आणि सूत चाचपत बाहेर आलो. मग चाकाकडे बघून घाईघाईनं म्हणाला, "चाक थांबवू नका हं. सूत सैल पडलं तर फट त्याच्याबरोबर सरसर पसरेल. बुजवेपर्यंत फिरतं ठेवा."

कामकऱ्यांना त्यानं घरी पाठवलं. "तुम्हाला पोरंबाळं आहेत, कशाला जीव धोक्यात घालता?" म्हणाला, आणि स्वतः चाकाशी बसला. तेव्हापासून रात्रंदिवस तो आणि थोरली पाळीपाळीनं चाक फिरवत राहिले.

सांधेवाली दुसऱ्या दिवशी बघून गेली. फटी बुजवणं हे तिचं पिढीजात काम. मंतरलेला चुना आणि थापी, बस. हाडाची कोरडी बाई. फटीच्या कडेला नाक लावून तिनं हुंगलं आणि विचारलं, "आत एकच गेला, बाहेर एकच आला ना? नक्की? एका चेहऱ्याची दोन माणसं एकाच बाजूला असली की माझा चुना धरत नाही. आधीच सांगते."

"एकच," भुंगाच बोलला.

"आत किती वेळ होतास?"

"कळलं नाही."

"कळायचं नाहीच. आत काही संपत नाही. मागे एक मांजर थंडीत आत गेलं ते भर उन्हाळ्यात बाहेर आलं, मिशीला दूध तसंच ओलं." तिनं फटीवर थुंकल्यासारखं केलं. "चुना मुरायला चार दिवस लागतील. तोवर जवळ जाऊ नका."

तेव्हापासून थोरली डोळ्यांत तेल घालून भावावर नजर ठेवून होती. आणि बघावं तितकं कमीच अशी गत. तो गुणगुणत नव्हता. ताटात पडेल ते मुकाट्यानं खात होता. चूल पेटवायला गेला की काड्यापेटीसाठी त्याचा हात वरच्या फळीकडे जायचा, आणि काड्यापेटी तर कायम खालच्या फळीवर असायची, तो पाळण्यात होता तेव्हापासून. आई कशावरून तरी कडाडली की हा तिच्याकडे बघत बसायचा. साधं नाही, भुकेला माणूस दुसऱ्याच्या ताटाकडे बघतो तसं.

"आई, हा आपला भुंगा वाटत नाही गं मला," ती शेवटी म्हणाली.

"मग कुणाचा आहे? शेजाऱ्यांचा?" आई म्हणाली. "तुला ना पोरी, चांगलं बघवतच नाही. काल त्यानं माझे पाय चेपून दिले. तू कधी चेपलेस?"

 थोरली ताटं वाढायला उठली. पण कुठेतरी पाणी मुरतंय ही भावना काही जाईना. आणि उद्या सांधेवाली येणार. तिनं एकदा चुना लावला की फट कायमची बंद, मग जो आत तो आत. हाच भुंगा असेल तर सुटलो. नसेल तर? या "नसेल तर"नं थोरलीचा पिच्छाच पुरवला.

चुना मुरायच्या चौथ्या दिवशी सकाळी कपडे वाळत घालायची दोरी तुटली. थोरलीनं वाखाची चिमूट घेतली, एक टोक खिळ्याला बांधलं आणि दुसरं टोक बोटांनी पिळू लागली. डोकं भलतीकडेच होतं, त्यामुळे पिळतच राहिली. दोरी आखडली, मग तिला वळी पडली, मग वळीवर वळी पडून तिच्या गाठीच गाठी झाल्या, आणि फट्‌ करून तुटली.

थोरली तुटक्या दोरीकडे बघत राहिली.  हातातलं तिथेच टाकून ती दोरखान्याकडे धावली.

भुंगा चाकाशी बसला होता. चाक हलकं चालत होतं, रोजच्यासारखं. एवढे दिवस आपणही पाळीपाळीनं हे चाक फिरवलं, हे हलकेपण हाताला कळत होतं, तरी आपलं डोकं कुठे गहाण पडलं होतं, असं वाटून तिला स्वतःचीच चीड आली. तिनं सुतावर बोट ठेवलं. सरळ, गुळगुळीत. एक वळी नाही.

"खुंटी कसली आहे रे आत?" तिनं विचारलं.

"लाकडी. जाडजूड."

"आणि गाठ पक्की मारलीस?"

"म्हणजे काय! आपली नेहमीची."

"मग सुताला वळ्या का नाहीत?"

चाक फिरत राहिलं. भुंग्यानं वर बघितलं नाही.

"खुंटीला बांधलेल्या सुतात इतके दिवस पीळ भरला असता, तर ते पहिल्याच दिवशी तुटलं असतं," थोरली म्हणाली. "हे आपल्या घरातल्या मांजरालासुद्धा कळतं. हे सूत अजून पीळ घेतंय. म्हणजे त्याच्या टोकाला कुणीतरी वाख सोडतंय, मागे मागे जातंय. कोण आहे आत?"

"भुंगा आहे," तो हळूच म्हणाला.

"आणि तू कोण?"

"मीही."

 शंका घेणं वेगळं, ती खरी निघणं वेगळं. थोरली चाकाच्या खांबाला धरून उभी राहिली.

"तिकडेही हाच दोरखाना होता, ताई. हीच कौलं, हेच चाक. फट पडली, पण आमची सांधेवाली आलीच नाही, तिची गल्ली आधीच गेली होती. आम्ही म्हटलं, बघू उद्या. मी सुतावर होतो, पार टोकाला. चाक थांबलं. मला वाटलं, जेवायला बोलावलंस. मान वर करून बघतो तर चाक नाही, तू नाहीस, पलीकडे घर नाही. आई घरात होती." त्यानं दांडा तसाच फिरवत ठेवला. "तुम्ही आत असाल म्हणून मी फटीत शिरलो. आत हा तुझा भुंगा पाठमोरा येत होता, गुणगुणत. माझ्या बाजूनं निघून गेला, त्याला पत्तासुद्धा नाही. त्याचं सूत धरून मी बाहेर आलो, तर समोर तू होतीस. चाकावर."

"आणि तू त्याला हाक मारली नाहीस."

"नाही."

"आणि आम्हाला चाक फिरवायला लावलंस."

"तो लांब जावा म्हणून." तो आता सरळ तिच्याकडे बघत होता. "ताई, मला घरात गेल्यावर आई दिसली. ती मला म्हणाली, पाय धुऊन ये मेल्या."

थोरलीला त्याची दया आली, आणि त्या दयेचाच तिला असा काही संताप आला की तिचे कान तापले. तिचा भाऊ तिकडे चालतोय. त्याला वाटतंय ताई चाकावर आहे, सगळं ठीक आहे. आणि ताईच त्याला एकेका फेऱ्यानं दूर लोटतेय.

"हात काढ," ती म्हणाली.

त्यानं काढला नाही.

"हात काढ म्हणते ना!"

या आवाजाला दोन्हीकडचे भुंगे लहानपणापासून घाबरत असावेत. त्याचा हात आपोआप दांड्यावरून सुटला. चाक मंद झालं आणि थांबलं. सूत किंचित सैल पडलं, तेवढंच. बाकी काही झालं नाही. फट काही सरसर पसरली नाही. तीही थाप होती.

मग वाट बघणं आलं. उलटं चालणारा पावलं मोजून-मापून टाकतो, सरळ चालणारा तेच अंतर झपाझप कापतो, असं थोरली मनाला समजावत राहिली. ती फटीकडे बघत होती आणि अर्धा डोळा त्या दुसऱ्यावर होता. तो कोपऱ्यात वाखाच्या ढिगावर बसला होता. पळून जात नव्हता. का पळत नाही, याचाही तिला संशय आला.

ऊन कलू लागलं तशी सांधेवाली बादली घेऊन आली. चुना निळसर चमकत होता. तिनं थांबलेलं चाक बघितलं, दोघांचे चेहरे बघितले.

"माझा भाऊ आत आहे," थोरली म्हणाली.

"मग हा?"

"तोही आहे."

सांधेवालीनं शिव्या घातल्या, एकही शब्द दुसऱ्यांदा न वापरता. मग बादलीशेजारी फतकल मारून बसली. "फट त्या बाकापर्यंत आली की मी सुरुवात करणार. मागे वस्ती आहे. तुझ्या एका भावासाठी मी अख्खी गल्ली घालवायची नाही."

फट तिच्या चालीनं वाढतच होती. भिंतीवरची एक खुंटी दिसेनाशी झाली. मग पाण्याचा माठ. बाकाचा एक पाय गेला आणि बाक कलंडलं. सांधेवालीनं थापी उचलली. थोरलीनं तिचा हात धरला.

"थांबा! ऐका!"

फटीतून बेसूर गुणगुण येत होती. आयुष्यात पहिल्यांदाच थोरलीला ते गाणं गोड वाटलं.

भुंगा हातावर सूत गुंडाळत बाहेर आला, कपाळाला आठ्या. "एवढ्यात जेवण कसलं गं? भारा अर्धासुद्धा सरला नाही. आणि काय चालवलंय? किती लांब पाठवलंस मला! चालून चालून पाय..." त्याचं लक्ष कोपऱ्याकडे गेलं. "हा कोण? आणि यानं माझा सदरा का घातलाय?"

थोरलीनं त्याला मिठी मारली आणि लगेच एक रट्टाही दिला. सांधेवालीला असल्या गोष्टींसाठी वेळ नव्हता. तिनं फटीच्या कडेला चुना फासला. तो ओल्या पिठासारखा घसरून खाली पडला. पुन्हा फासला, पुन्हा पडला.

"सांगितलं होतं," ती म्हणाली. "दोन चेहरे. एकाला पलीकडे जावं लागेल. कोण ते तुमचं तुम्ही ठरवा, पण लवकर."

कोपऱ्यातला उठला आणि फटीकडे येऊ लागला. फटीशी भुंगा उभा होता, तिच्याकडे पाठ करून, आयुष्यभर उभा राहिला तसाच. एक धक्का पुरला असता. थोरलीनं झेप घेऊन भावाची कॉलर पकडली आणि त्याला आपल्या मागे खेचलं. दुसऱ्यानं ते पाहिलं. त्याला ते कशासाठी ते कळलं, आणि ते कळलेलं त्याच्या तोंडावर दिसलं. थोरलीला लाज वाटली, पण कॉलर तिनं सोडली नाही.

"वाख दे, ताई," तो म्हणाला.

"काय?"

"वाख. आत रिकाम्या हातानं जायचं म्हणजे... तिकडे माझ्या चाकावर कुणी नाही गं."

तेव्हा कुठे थोरलीनं भावाची कॉलर सोडली. ढिगातला चांगला, लांब धाग्याचा वाख निवडून तिनं त्याच्या कमरेला गुंडाळला. लहानपणी भुंग्याला पहिल्यांदा बांधला होता तसाच, मागे घट्ट, पुढे सैल. भावाचं जुनं सूत आकड्यावरून काढलं आणि याचं टोक अडकवलं. 

"कुठे जाशील?" तिनं विचारलं.

"मागे. आपल्याला दुसरं काय येतं?" तो कसनुसा हसला. "काड्यापेटी वरच्या फळीवर ठेवत जा. खाली दमट होते. आणि आईला काही सांगू नको, तिला आपलं वाटू दे की मी चार दिवस शहाणा झालो होतो."

ती चाकाशी बसली. तो तिच्याकडे तोंड करून एकेक पाऊल मागे सरकू लागला, बोटांतून वाख सोडत. फटीच्या तोंडाशी पोचल्यावर तो गुणगुणायला लागला. तेच बेसूर गाणं. मग तो दिसेनासा झाला.

"सूत राहू दे का?" थोरलीनं विचारलं. डोळे पुसायला हात मोकळा नव्हता.

"राहू दे. सुताला चेहरा नसतो," सांधेवाली म्हणाली आणि कामाला लागली.

या वेळी चुना धरला. वाळत गेला तसा हवेत विरत गेला आणि फटीची शेवटची रेघही पुसली गेली. दोरखाना पूर्वीसारखा, या टोकापासून त्या टोकापर्यंत मोकळा. फक्त मधोमध, छातीएवढ्या उंचीवर, एक सूत हवेत संपत होतं. ताणलेलं.

सांधेवाली बादली धुऊन निघून गेली. भुंग्याला हळूहळू सगळा उलगडा झाला होता. तो म्हणाला, "ताई, झालं आता. थांबव. हात भरून येईल."

"थांबवलं तर त्याला वाटेल, बोलावलं," थोरली म्हणाली. "तो माघारी येईल."

भुंग्यानं सुतावर बोट ठेवलं. सरळ, गुळगुळीत, एक वळी नाही. सूत पीळ घेत होतं. बोट काढून तो चाकाशी आला.

"सरक," तो म्हणाला, आणि दांडा त्यानं फिरता असतानाच आपल्या हातात घेतला.